एक नंबरचा मान

"आजपासून वडनेर आणि जग यांच्यामध्ये अंतर म्हणून काही उरलेलं नाही," असं हर्षलनं माइक हातात धरून जाहीर केलं, आणि लाइट गेली.

माइक मुका झाला. मागच्या पडद्यावर पुण्याहून दर्शन देत असलेले कुणाचे तरी मेव्हणे दिसेनासे झाले. मंडपातल्या मंडळींनी ही गोष्ट शांतपणे घेतली. लाइट जाणं हा वडनेर भोलजीत कोणत्याही कार्यक्रमाचा एक भागच असतो; पत्रिकेत छापत नाहीत, एवढंच. चहा आला, चहा संपला, लाइट काही आली नाही. त्यामुळे अंतर संपल्याची बातमी पहिल्या दोन-तीन रांगांपलीकडे पोचलीच नाही, आणि मागच्या रांगेतले लोक हर्षलचं लग्न ठरलं असावं अशा समजुतीनं घरी गेले.

हर्षलच्या कंपनीचं नाव त्रिभुवन ब्रॉडबँड. त्रिभुवनात तूर्त फक्त वडनेर होतं. कंपनीत माणसं दोन: मालक हर्षल आणि भागीदार धम्मरत्न. दोघं खामगावला एकाच बाकावर बसून शिकलेले. शिक्षण झाल्यावर धम्मरत्न गावातच राहिला आणि हर्षल पुण्याला गेला. तिथं दुसऱ्याच्या कंपनीचे राउटर सांभाळता सांभाळता त्याला वाटायला लागलं, की सांभाळायचाच आहे तर आपला स्वतःचा का सांभाळू नये. म्हणून तो नोकरी सोडून गावी आला. हा धंदा बसला तर वडनेर, बुडाला तर पुन्हा पुण्याची ती खोली, असा सरळ हिशेब होता. त्या खोलीला खिडकी होती, पण ती जिन्यात उघडत असे.

नेट नांदुऱ्याहून हवेतून यायचं. ते झेलण्यासाठी उंच जागा पाहिजे, आणि गावात सगळ्यात उंच गच्ची भगवानरावांची. तिथं अँटेनाची थाळी बसवली. थाळीतून निघालेली वायर ग्रामपंचायतीशेजारच्या खोलीतल्या मुख्य मशीनमध्ये गेली आणि तिथून घरोघर फाटे फुटले. म्हणजे भगवानराव हे कंपनीचं आकाश होतं. आकाशाला नाराज करून कोणाचा धंदा होत नाही.

या भगवानरावांकडे पोळ्याचा पहिला मान होता. पोळ्याला गावकुसाशी आंब्याच्या पानांचं तोरण बांधतात, बैलांच्या जोड्या सजून रांगेनं उभ्या राहतात, आणि मानकऱ्याची जोडी तोरणाखालून गेल्याशिवाय दुसऱ्या कोणाची जात नाही. भगवानरावांच्या आज्याच्या आज्यापासून ही पहिली जोडी त्यांच्या घरची. दुसरी उकंडरावांची. मध्यंतरी भगवानरावांनी ट्रॅक्टर घेतला आणि बैल विकले. मान मात्र विकायची सोय नसल्यामुळे तो घरातच राहिला. तेव्हापासून दर पोळ्याला तासाभरासाठी तुळशीरामचे बैल मागून आणले जात. बैल तुळशीरामचे आणि मान भगवानरावांचा, अशी ती वाटणी होती. बैलांची तिला हरकत नव्हती.

प्रत्येक घरी राउटरचा जो डब्बा बसवतात, त्याला एक नंबर द्यावा लागतो. हर्षलनं पहिले दहा नंबर कंपनीसाठी राखून बाकीचे ग्रामपंचायतीपासून गल्लीगल्लीनं ओळीत दिले आणि घोळ नको म्हणून प्रत्येक डब्ब्यावर नंबराची चिठ्ठी चिकटवली. एक नंबर त्यानं मुख्य मशीनला ठेवला होता. या धंद्यात ती रीतच आहे. भगवानरावांच्या घरी डब्बा आला तेव्हा त्यांनी चष्मा लावून चिठ्ठी वाचली.

"हे सदतीस काय हाय?"

"तुमचा नंबर, काकाजी."

"कशातला?"

"नेटमधला. नुसता ओळखीसाठी असते तो. त्याच्यात मान-बिन काही नाही."

"आमच्या अगुदर छत्तीस घरं हायेत?"

"घरं नाही हो. गल्लीनं येत येत..."

"सदतीस नंबर कैद्याले देतात," भगवानराव म्हणाले. "उकंडरावचा किती हाय?"

इथं हर्षल चुकला. त्यानं खरं सांगितलं.

"अकरा."

भगवानरावांनी चष्मा काढून खिशात ठेवला. आवाज चढवणं त्यांच्या स्वभावात नव्हतं. छताकडे बघत ते म्हणाले, "गच्चीवरची थाळी लई वाजते हवेनं. एखांद्या दिवशी येऊन काढून घेजो."

हर्षलनं खिशातून कोरी चिठ्ठी काढली, तिच्यावर ठसठशीत एक लिहिला आणि सदतीसवर चिकटवून टाकला. आत मशीनच्या लेखी नंबर सदतीसच राहिला. वरून एक आणि आतून भलतंच, ही व्यवस्था गावात बऱ्याच ठिकाणी सुरळीत चालू असल्यामुळे त्याला त्यात वावगं काही वाटलं नाही. भगवानरावांनी हॉलमध्ये पूर्वजांच्या तसबिरींच्याही वर एक खास फळी ठोकून घेतली आणि डब्बा तिच्यावर बसवला. त्यांच्या पत्नी पुष्पाबाईंनी स्टुलावर चढून त्याला हळद-कुंकू लावलं. डब्ब्यावर तीन हिरवे दिवे लुकलुकायला लागले. तसबिरीतल्या एकाही पूर्वजाला आजवर इतका उजेड मिळाला नव्हता.

काही दिवस नेट झकास चाललं. मग ते बिघडलं, आणि बिघडायची त्याची तऱ्हा अशी, की दिवसभर ठणठणीत आणि दिवेलागणीला गप्प. ऐन मालिकांच्या वेळेला सगळ्या गावाचे पडदे थिजत. रात्री सगळे झोपले की ते कधीतरी आपोआप यायचं, म्हणजे कोणाच्या उपयोगाचं नसे. लोकांनी आपापल्या परीनं कारणं शोधली. कोणी म्हणालं, संध्याकाळी वटवाघळं निघतात, ती आडवी जातात. कोणी म्हणालं, दव पडून हवा जड होते. गल्लीतल्या म्हाताऱ्या झुंबरबाईंनी सांगितलं, की तिन्हीसांजेला दारात काही अडकवून ठेवू नये, आणि हर्षलनं तर सगळ्या गावाच्या दारात वायरी अडकवल्या आहेत.

पोळा आठवड्यावर आला, तेव्हा उकंडरावांनी ग्रामपंचायतीच्या ओट्यावर माणसं जमवली. हर्षलला बोलावणं गेलं.

"कसं करतं मंग?" उकंडरावांनी विचारलं.

"शोधून राह्यलो, काकाजी. सापडत आला."

"महिना झाला, सापडतच येऊन राह्यला. चोर तरी सापडते एखांद्या वेळी. मलकापूरचा एक पोरगा येऊन गेला. कागद वाटून गेला. तो म्हणते, तुमचं सारं काढून माझं लावतो, पहिला महिना फुकट."

"मले पोळ्यापर्यंत टाइम द्या."

"पोयापर्यंत देल्ला," उकंडराव म्हणाले. "गावातली सारी पोरं पुण्या-मुंबईहून तोरण पाहणार हायेत मोबाइलवर. तोरणापाशी कॅमेरा लावतो म्हणून तू कबूल केलतं. पोयाच्या दिवशी नेट नाही चाललं, तं दुसऱ्या दिवशी आपापल्या घरचा डब्बा आणून तुह्या दारात ठेवतो. आम्ही काही भांडत नाही. भांडून कोणाचं नेट आलं हाय?"

हर्षल खोलीवर आला आणि मशीनसमोर बसला. धम्मरत्न आधीच बसलेला होता.

राउटर कसा चालतो हे समजायला शिक्षण लागत नाही, गावात राहिलेलं असलं की पुरतं. प्रत्येक डब्ब्याला दोन ओळखी असतात. एक नंबर, जो हर्षलनं दिला. आणि एक जन्मखूण, जी कारखान्यातूनच अंगावर येते आणि बदलत नाही. मशीनला सदतीस नंबरकडे काही पोचवायचं असलं, तर ते गल्लीत उभं राहून हाळी देतं, "सदतीस नंबर कोण?" ज्याचा नंबर असेल तो डब्बा ओ देतो, "मी, आणि ही माझी खूण." मशीन ती खूण टिपून घेतं आणि माल हवाली करतं. कोणी ओ दिलीच नाही, तर शेजारी म्हणून त्या नंबराची नोंद करायची खरी, पण तिच्यापुढे 'अपूर्ण' असं लिहायचं. रस्ता माहीत आहे, दारही माहीत आहे, फक्त दार कोणी उघडत नाही, असा त्याचा अर्थ. घराघरातले डब्बेही अशीच हाळी देतात. त्यांना गावाबाहेर काहीही धाडायचं असलं की ते एकच प्रश्न विचारतात, "एक नंबर कोण?" कारण बाहेरची वेस एक नंबरच्या ताब्यात.

"एकच जण अपूर्ण हाय," धम्मरत्न पडद्याकडे बोट दाखवत म्हणाला. "सदतीस."

"भगवानरावकाका. डब्बा बंद करून ठेवत असतील."

"कधीपासून अपूर्ण हाय, पाह्य ना. महिना झाला. त्यांचा एक फोन आला का तुले?"

"मोठी माणसं तक्रार करत नाहीत."

"मोठीच माणसं करतात बे. लहान माणसं सहन करतात."

पण हर्षलला सदतीसमध्ये रस नव्हता. एका घराचं नेट बंद असल्यानं सगळ्या गावाचं कसं बंद पडेल? त्यानं वायरी तपासल्या, नांदुऱ्याला फोन केला, मशीन बंद करून चालू केलं. टिपलेल्या खुणा सगळ्या पुसून टाकल्या की नेट यायचं आणि चहा गाळून होईपर्यंत पुन्हा जायचं. पुण्यात असतं तर त्यानं हे वरच्या साहेबाकडे ढकललं असतं. इथं वरचा साहेब तोच होता.

दुसऱ्या दिवशी दिवेलागणीला दोघं उकंडरावांच्या घरी जाऊन बसले. नेट गेलं. धम्मरत्ननं त्यांच्या डब्ब्यात डोकावून बघितलं, की बाबा रे, तू एक नंबर म्हणून कोणाची खूण टिपली आहेस. त्यानं ती खूण वाचली. पुन्हा वाचली.

"हर्षल, ही आपल्या मशीनची खूण नाही."

"मंग कोणाची हाय?" उकंडरावांनी विचारलं.

"गावातला दुसराच कोणी हाय, काकाजी. मीच एक नंबर म्हणून राह्यला तो."

"असे लई हायेत," उकंडराव म्हणाले.

मग शोध सोपा होता. ग्रामपंचायतीच्या खोलीत येऊन त्यांनी एकेक वायर उपटायला सुरुवात केली. धम्मरत्न उपटायचा, हर्षल मोबाइलकडे बघायचा. नेट आलं नाही की वायर परत जागेवर. अशा बऱ्याच झाल्या. मग एक वायर उपटली, आणि शेजारच्या घरातून थिजलेल्या मालिकेतली सासू मधल्याच वाक्यापासून बोलायला लागली.

धम्मरत्ननं वायरीवरची चिठ्ठी वाचली. सदतीस.

हर्षलनं चिठ्ठी स्वतः वाचून बघितली.

"मी नुसती चिठ्ठी चिकटवली होती बे," हर्षल म्हणाला. "आत सदतीसच ठेवला होता."

"तू ठेवला होता."

"आता?"

"आता काय. वायर उपटलेलीच राहू दे. महिनाभर त्यांचं नेट नव्हतं, त्यांनी हूं का चूं केलं नाही. अजून आठ दिवस करणार नाहीत."

हा उपाय शास्त्रीय नव्हता, पण गुणकारी होता. त्या संध्याकाळी वडनेरभर नेट वाहिलं. उकंडरावांनी रस्त्यात हर्षलला बघून मान हलवली, जे ते वर्षातून एकदोनदाच करत. हर्षल महिन्याभरानंतर पोटभर जेवला.

पोळ्याच्या आदल्या दिवशी सकाळी भगवानरावांच्या सुनेचा, काजलवहिनींचा फोन आला. मामाजींनी लगेच बोलावलं आहे. डब्ब्यावरचा एक दिवा विझला, आणि चार-पाच दिवस वाट पाहूनही लागला नाही.

दोघं गेले. भगवानराव सोफ्यावर बसले होते. वर फळीवर डब्बा होता, त्याला झेंडूचा हार होता, आणि तीनपैकी दोनच दिवे लागलेले होते.

"पोयाच्या तोंडावर दिवा विझला," भगवानराव म्हणाले. "चांगलं नाही."

"काकाजी, नेट चालू होतं का महिनाभर?" धम्मरत्ननं विचारलं.

"दिवे चालू होते."

"नेट?"

उत्तर काजलवहिनींनी दिलं. "नेट तं कधीचंच नाही. मी मोबाइलचंच वापरते. मामाजी म्हणले, सांगू नको कोणाले. एक नंबरचंच नेट बंद हाय म्हणून गावात बोभाटा कायले करतं."

"वहिनी, डब्ब्याच्या सेटिंगले कोणी हात लावला होता का?" हर्षलनं विचारलं.

काजलवहिनींनी सासऱ्यांकडे बघितलं. सासऱ्यांनी मान डोलावली.

"मामाजींनी विचारलं, आतमंधी कितवा नंबर हाय ते पाह्य. पाह्यलं, तं सदतीस होता. मामाजी म्हणले, एक कर. केला."

"पासवर्ड?"

"त्रिभुवन एक दोन तीन. पहिल्याच खेपेले लागला."

धम्मरत्ननं हर्षलकडे बघितलं. पासवर्ड हर्षलनं ठेवला होता.

"तू नुसती चिठ्ठी लावून गेला होता," भगवानराव म्हणाले. त्यांच्या बोलण्यात राग नव्हता. "अर्धं काम. ते आम्ही पुरं केलं."

"आणि हा संध्याकाळीच कसा नडते?" धम्मरत्ननं विचारलं.

त्याचंही उत्तर घरातच होतं. दिवसा डब्ब्याच्याच विजेच्या बटणावर पुष्पाबाईंचं मिक्सर चालत असे. संध्याकाळी देवाजवळ दिवा लावला की मिक्सरची पिन काढून डब्ब्याची घालायची, आणि झोपताना ती काढून ठेवायची. देवाचा दिवा आणि डब्ब्याचे दिवे एकदमच लागत; आज तेवढी विझलेला दिवा दाखवायला पिन सकाळीच घातली होती.

हर्षलनं खुर्ची पुढे ओढली आणि समजावून सांगायला घेतलं. "काकाजी, बिघाड असा हाय. गावातला प्रत्येक डब्बा एक नंबरले हाक मारते. तो नंबर आमच्या मशीनचा. पण तुमचा डब्बा म्हणते, मी एक नंबर. मग ते सारे आपलं जे काय असन ते तुमच्याकडे आणून देतात."

"सारे?"

"हाव."

"उकंडराव बी?"

"ते बी."

भगवानरावांच्या चेहऱ्यावर एक शांत उजेड पसरला. ट्रॅक्टर घरी आला त्या दिवसानंतर तो कोणी बघितलेला नव्हता.

"मंग याच्यात बिघाड कोणता झाला?"

"तुमच्यापाशी येते, काकाजी, पण पुढं जात नाही. इथंच राहते."

"या घरात तसंच हाय," पुष्पाबाई स्वयंपाकघरातून म्हणाल्या.

भगवानरावांनी तिकडे लक्ष दिलं नाही. हर्षल म्हणाला, "तुमचा नंबर पुन्हा सदतीस करून देतो. दोन मिनिटांचं काम हाय. वरची चिठ्ठी एकचीच राहू द्या. कोणाले कळणार नाही."

"मले कळन."

हर्षलनं खुर्ची पुन्हा मागे सरकवली.

"उद्या पोया हाय," भगवानराव म्हणाले. "बैल नाहीत माह्याजवळ, हे साऱ्या गावाले माहीत हाय. तुळशीरामचे बैल आणतो तवा लोक तोंडावर हसत नाहीत, मांगून हसतात. ते चालते. पण पोयाच्या आदल्या दिवशी हाती असलेला एक नंबर मी आपल्या हातानं सोडू? मंग ते थाळी तरी माह्या गच्चीवर कायले पाह्यजे? उकंडरावच्या गच्चीवर लाव."

उकंडरावांच्या घराला गच्ची नव्हती, टिनाचं छप्पर होतं. म्हणजे थाळी गेली की नेट गेलं, नेट गेलं की उद्या संध्याकाळी तोरण कोणाला दिसायचं नाही, आणि परवा सकाळी दारात डब्ब्यांची रास. हर्षलच्या डोळ्यांसमोर पुण्याची खोली आली. जिन्यात उघडणाऱ्या खिडकीतून वरच्या मजल्यावरच्या लोकांचे पाय दिसायचे, तेही दिसले.

"काकाजी," तो म्हणाला, "नंबर तुमच्याकडेच ठेवू. आम्ही मशीनचा बदलतो."

"त्याले कितीचा देता?"

"दोनशे चोपन्न. सगळ्यात शेवटचा."

धम्मरत्न इतका वेळ वर हाराकडे बघत होता. तो म्हणाला, "पहिला मानाचा, शेवटचा कामाचा. आमच्या वस्तीले हे समजावून सांगा लागत नाही."

हर्षलनं त्याच्याकडे बघितलं. भगवानरावांनीही बघितलं. धम्मरत्न पुन्हा हाराकडे बघायला लागला होता.

भगवानरावांनी विचारलं, "मशीनचा दोनशे चोपन्न झाला, तं गावातले डब्बे हाक कोणाले मारतीन?"

"दोनशे चोपन्नले."

"एक नंबरले?"

"कोणी नाही."

"उकंडराव?"

"ते बी नाही."

"म्हणजे नंबर राहीन, पण इचारणार कोणी नाही."

"हाव, काकाजी."

तसबिरींतले पूर्वज फेट्यांखालून समोर बघत होते. त्यांच्यापैकी कोणालाही असा पर्याय कधी देण्यात आला नव्हता. भगवानरावांनी त्यांच्याकडे एकदा बघून घेतलं आणि गुडघ्यांवर हात टेकून ते उठले.

"चालते," ते म्हणाले. "मान म्हणजे काम थोडीच असते."

आता राहिलं ते हमालीचं. मशीनचा नंबर बदलायचा, तर गावातल्या प्रत्येक डब्ब्याला सांगावं लागणार होतं, की आता वेस दोनशे चोपन्नच्या ताब्यात आहे. हे आपोआप होण्याची सोय या धंद्यात असते, पण हर्षलनं सगळे नंबर हातानं दिलेले होते. एका माणसाचा नंबर बदलायचा नव्हता म्हणून बाकीच्या सगळ्या गावाचं सेटिंग बदलायचं ठरलं. दुपारपासून दोघं घराघरात शिरायला लागले आणि पोळ्याच्या दिवशी सकाळीही फिरतच होते. ज्यांच्याकडे बैल होते ते बैल धूत होते, ज्यांच्याकडे नव्हते ते ट्रॅक्टर धूत होते.

बातमी त्यांच्यापुढे एक घर चालत होती. उकंडराव दारातच उभे होते.

"त्याले खरा एक देल्ला म्हणतात. आतून बी."

"हाव."

"मंग मले दोन पाह्यजे. आतून बी. मी मोबाइलमधी पाहून घेतो."

दोन नंबर रिकामाच होता. दिला. त्यामागे तीन नंबरच्या मानकऱ्यांचा निरोप आला, मग चारच्या. दहाच्या आत ज्यांचं पोळ्यात स्थान होतं, ते सगळे आपापल्या जागी येऊन बसले, आणि मशीनमधली यादी तोरणापुढच्या रांगेसारखी लागली. धम्मरत्नच्या आईला, बेबीताईंना, हर्षलनं शिष्टाचार म्हणून विचारलं, तुम्हाला कोणता पाहिजे. त्या भाकरी थापत होत्या. "जो चालते तो दे," त्या म्हणाल्या. अख्ख्या गावात असं बोलणारं ते एकच घर निघालं.

जेवणाची वेळ व्हायला आली तेव्हा भगवानरावांचं घर तेवढं उरलं होतं. उपटलेली वायर परत जोडून धम्मरत्न ग्रामपंचायतीच्या खोलीत मशीनसमोर बसला, हर्षल इथं आला. काजलवहिनींनी मोबाइलवरून डब्ब्याला नवी वेस सांगितली, आणि डब्बा अडकला. दिवे तिन्ही लागलेले, पण आत हालचाल नाही. फोनवर धम्मरत्न म्हणाला, "सारे आले बे. एकच अपूर्ण. एक नंबर."

"मागचं बारीक बटण दाबा लागन," हर्षल म्हणाला. स्टुलावरून हात पुरेना. भगवानरावांनी गड्याला शिडी आणायला सांगितलं. शिडी आली, काजलवहिनींनी पदराची पिन काढून दिली, आणि हर्षल पूर्वजांच्या डोक्यांवरून वर चढला. त्यानं हार बाजूला केला, डब्बा कुशीवर वळवला आणि पिनेनं बटण दाबलं. तिन्ही दिवे विझले.

खाली भगवानराव नव्या धोतरात उभे होते. संध्याकाळसाठीचा फेटाही त्यांनी आत्ताच बांधून ठेवला होता. शिडीचा एक पाय त्यांनी स्वतः धरला होता.

एक दिवा लागला. दुसरा लागला. तिसरा लागायला तयार नव्हता.

"एक नंबर अपूर्ण," कानातल्या फोनवर धम्मरत्न म्हणाला. "अजून अपूर्ण. हाळी देऊन राह्यलं मशीन. अपूर्ण. थांब."

हर्षल थांबला. शिडीवर दुसरं काही करण्यासारखं नव्हतं.

"ओ देल्ली," धम्मरत्न म्हणाला. "लागला. सारे लागले बे हर्षल, एकबी अपूर्ण नाही. उकंडरावच्या घरी पाह्यलं, चालू हाय. आमच्या घरी चालू हाय. पुण्याहून उकंडरावच्या पोराचा, ऋत्विकचा फोन आला होता, तोरणाची जागा दिसून राह्यली म्हणे, एक बकरी उभी हाय तिथं."

तिसरा दिवा लागला. भगवानरावांचा डब्बा चालू आणि गावाचं नेटही चालू, असं महिन्याभरात पहिल्यांदाच झालं होतं. हर्षलनं डब्बा सरळ केला, हार नीट बसवला. आता दारात कोणी डब्बे आणून ठेवणार नव्हतं. आता तो याच गावात राहणार होता. या घटकेला कोणीतरी काहीतरी बोलायला हवं, असं त्याला वाटलं, आणि शिडीवर वर आपणच असल्यामुळे ते आपणच बोलावं असंही वाटलं. त्यानं घसा साफ केला. भगवानरावांनी फेट्यावरून हात फिरवला आणि ऐकायला मान वर केली.

"हर्षल," पुष्पाबाई स्वयंपाकघराच्या दारातून म्हणाल्या, "चढलाच हायेस तं त्या सज्ज्यावरच्या भांड्यांतला मोठा पितळी गंज काढून दे बरं. पुरण शिजवाचं राह्यलं."